करारावरून पैशांचा दावा: समरी सूट कुठे चालते, कुठे आपटते

पत्रा_आणि_पाईप

चर्चेसाठी एक नमुना मांडतो. आकडे गोल केलेत, जीएसटी बाजूला ठेवलाय.

एमआयडीसीतल्या शेडचं स्ट्रक्चरल फॅब्रिकेशन आणि उभारणी. लेखी वर्क ऑर्डर आहे: ४०,००० किलो, दर किलोला ९५ रुपये, म्हणजे ३८ लाख. त्यातले २८,४०,००० मिळाले. आता येणं असं:

रनिंग बिलांचे ७,७०,०००
पाच टक्के रिटेन्शनचे (कामात खोट निघाल्यास म्हणून राखून ठेवलेली रक्कम) १,९०,०००
जादा काम (मेझनाइनचा जिना आणि रेलिंग, साइटवर तोंडी सांगितलेलं) २,४०,०००
त्याच वर्क ऑर्डरमधला दुसरा टप्पा रद्द केल्यामुळे बुडालेला नफा ५,००,०००
वर १८ टक्के व्याज, बिलाच्या तळाशी छापल्याप्रमाणे.

समोरच्या कंपनीची ईमेल आहे: "५ लाख देणं लागतो हे मान्य, पण रंग सहा महिन्यांत सुटला आहे, त्याचा हिशेब व्हायचा आहे." व्याज सोडून सगळे मिळून १७ लाख दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ३७ खाली समरीत, म्हणजे पूर्ण साक्षीपुराव्याशिवाय कागदांवरच निकाल मागणाऱ्या झटपट दाव्यात, टाका, प्रतिवादीला बचाव करायलाच मिळणार नाही, असा सल्ला सर्रास दिला जातो. कितपत खरा?

दप्तरदार

सतरा लाखांचा एकगठ्ठा समरीत टाकलात तर पहिल्याच पानावर अडाल.

ऑर्डर ३७ नियम १ मध्ये काय बसतं ते आधी बघा. हुंडी, बिल ऑफ एक्स्चेंज, प्रॉमिसरी नोट. नाहीतर लेखी करारावरून निघालेलं कर्ज किंवा ठरलेली रक्कम. कायद्यानेच ठरवून दिलेली रक्कम, दंड सोडून. आणि हमी, पण मूळ ऋणकोवरची मागणीही ठरलेल्या रकमेची असेल तरच. फॅक्टरिंगवाल्यांसाठी आणखी एक पोटकलम नंतर जोडलं गेलं, त्याचा इथे संबंध नाही.

नियम २ प्रमाणे वादपत्रात स्पष्ट लिहावं लागतं की दावा या ऑर्डरखाली आहे, आणि या नियमाच्या बाहेरची कोणतीही मागणी केलेली नाही. शिवाय दाव्याच्या क्रमांकाखाली लगेच ऑर्डर ३७ चा शेरा हवा. आता बुडालेला नफा मागायचा आणि त्याच कागदावर सत्यापन करून "बाहेरची मागणी नाही" असंही लिहायचं, हे जमणार कसं?

माझ्या मते कसोटी एकच: आकडा कागदावरून वाचता येतो, की कुणाला पिंजऱ्यात उभं करून काढावा लागतो? पैसे खरोखर येणं आहेत का, हा प्रश्न नंतरचा. सोळा आणे खरी मागणीसुद्धा समरीला नालायक असू शकते.

तुमच्या यादीला ती कसोटी लावू.

बुडालेला नफा: बाहेर. ही करार कायद्याच्या कलम ७३ ची नुकसानभरपाई. मुंबई उच्च न्यायालयाने १९५४ मध्येच, आयर्न अँड हार्डवेअर विरुद्ध शामलाल या निकालात, मुख्य न्यायाधीश छागलांच्या लेखणीतून सांगितलंय की करार मोडला म्हणून त्या क्षणी देणं तयार होत नाही. तयार होतो तो दावा लावण्याचा हक्क. न्यायालयाने नुकसान ठरवलं की मग देणं. १९७४ मध्ये रमण आयर्न फाउंड्रीच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हाच विचार उचलला.

जादा काम: बाहेर. तोंडी सांगितलेलं काम लेखी करारावरून निघत नाही. करार कायद्याच्या कलम ७० खाली "काम घेतलंत, मोबदला द्या" असं म्हणता येतं, पण वाजवी मोबदला किती हे मोजमाप आणि बाजारभावाच्या पुराव्यावर. जिन्याला स्टील किती लागलं हे न्यायाधीश वर्क ऑर्डर वाचून सांगू शकत नाहीत.

रिटेन्शन: अर्धवट. रक्कम कागदावर आहे, पण ती कधी द्यायची? दोष-दायित्वाचा काळ (खोट निघाल्यास दुरुस्त करून द्यायची मुदत) काम पूर्ण झाल्यापासून बारा महिने असेल आणि पूर्णत्वाचा दाखला दोघांच्या सहीचा असेल तर आत. दाखलाच नसेल आणि समोरचा म्हणत असेल की काम अजून पुरं नाही, तर तारीखच वादात गेली.

रनिंग बिलं: इथे खरा जीव आहे. इंजिनीअरने मोजमाप-पुस्तिकेत सही करून बिल प्रमाणित केलं असेल तर ७,७०,००० हे कर्ज. वर्क ऑर्डरमध्ये "प्रमाणित बिलावर पेमेंट" अशी अट आहे आणि बिल नुसतं इनवर्ड शिक्का मारून घेतलंय, तर तो शिक्का पोच आहे, मंजुरी नव्हे. बहुतेक समरी इथेच फसतात.

उलटतपास

बचाव करायलाच मिळणार नाही हा समज तर मुळातच चुकीचा. मेकॅलेक इंजिनीअर्सचा १९७६ चा निकाल बघा. विचारात घेण्याजोगा मुद्दा दिसला की परवानगी, आणि बचाव अगदी पोकळ दिसला तरी रक्कम भरायची अट घालून लीव्ह, म्हणजे बचाव करायची परवानगी, देता येते.

दप्तरदार

मेकॅलेक आता तसाच्या तसा वाचू नका. १९७६ च्या दुरुस्तीने नियम ३ बदलला, आणि नोव्हेंबर २०१६ मध्ये आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाउन या निकालात सर्वोच्च न्यायालयाने मेकॅलेकची ती सूत्रं बदलून नवी मांडली. पायऱ्या अशा:

बचाव भक्कम, यशाची शक्यता आहे: बिनशर्त लीव्ह.
बचाव फार मजबूत नाही, पण रास्त मुद्दे आहेत: साधारणपणे बिनशर्तच.
मुद्दे आहेत, पण प्रतिवादीच्या प्रामाणिकपणाबद्दल शंका: अटींवर. वेळेची अट, चालवण्याच्या पद्धतीची अट, पैसे किंवा तारण.
बचाव शक्य आहे पण पटण्याजोगा नाही: अटी आणखी कडक. मुद्दल सगळं, न्यायालयाला योग्य वाटेल त्या व्याजासह, भरायला सांगता येतं.
बचावात दमच नाही, उगाच काढलेला आहे: लीव्ह नाही, तिथल्या तिथे हुकूमनामा.
काही रक्कम कबूल आहे: ती कोर्टात भरल्याशिवाय लीव्ह नाही.

त्या प्रकरणात हबटाउनला मुंबईत बिनशर्त लीव्ह मिळाली होती. सर्वोच्च न्यायालयाने ४१८ कोटी मुद्दल भरा किंवा तेवढं तारण द्या, अशी अट घातली. तेव्हा "लीव्ह मिळते" आणि "लीव्ह परवडते" यांत अंतर आहे. पुढे बी. एल. कश्यप विरुद्ध जेएमएस स्टील्स, जानेवारी २०२२, यात पुन्हा सांगितलं गेलं की बिनशर्त लीव्ह हा सर्वसाधारण नियम आणि नाकारणं हा अपवाद. दोन्ही निकाल एकत्र वाचा.

हिशेबनीस

रंगाच्या मुद्द्यावर हिशेबाच्या बाजूने लिहितो. मालात खोट आहे हा बचाव जवळजवळ प्रत्येक प्रतिवादी घेतो. तो खरा की नोटीस आल्यावर सुचलेला, हे त्याच्याच वह्या सांगतात.

डेबिट नोट कधी काढली? माल आल्यावर पंधरा दिवसांत काढली, लेजरमध्ये उतरवली, जीएसटी विवरणात दाखवली असेल, तर बचाव जिवंत आहे. वकिलाची नोटीस पोचल्यावर चार दिवसांनी काढलेली डेबिट नोट सहज ओळखू येते. बिलाचं इनपुट टॅक्स क्रेडिट (खरेदीवर भरलेल्या जीएसटीची वजावट) पूर्ण घेतलं का? घेतलं असेल तर "माल मिळालाच नाही" हे तोंडावर पडतं. १८० दिवसांत पैसे दिले नाहीत तर ते क्रेडिट परत फिरवावं लागतं, तेही बघा. फिरवताना काय कारण लिहिलंय त्यावरून पुष्कळ कळतं. आणि ३१ मार्चच्या बॅलन्स कन्फर्मेशनवर सही आहे का, "तपासणीच्या अधीन" असा शेरा मारून सही केलीय का.

यातलं काहीच नसेल तर खोटीचा बचाव नुसत्या शब्दांवर उभा आहे.

उलटतपास

+१. पण उलटही खरं आहे. साध्या माल-विक्रीत मालविक्री कायद्याचं कलम ५९ खरेदीदाराला थेट हक्क देतं की हमीभंगाची भरपाई किमतीतूनच वजा मागायची, प्रसंगी सगळी किंमतही. त्यामुळे खोटीचा लेखी पत्रव्यवहार वेळच्या वेळी झाला असेल तर बिलाची रक्कम कितीही स्पष्ट असो, समरी टिकत नाही. रंग का सुटला? पृष्ठभाग नीट ब्लास्ट केला नव्हता, प्रायमर पातळ मारला, की शेडशेजारी ॲसिडचं युनिट आहे? डीएफटी मीटरचं (रंगाच्या थराची जाडी मोजणारं यंत्र) रीडिंग शपथपत्राला जोडता येतं, पण दोन तज्ज्ञांची दोन रीडिंग आली की उलटतपास अटळ.

तळटीप

करारातलं कलमच संदिग्ध असलं तर? म्हणजे उप-कंत्राटात हमखास असणारं हे वाक्य: "बिलाचे पेमेंट मुख्य मालकाकडून रक्कम प्राप्त झाल्यावर ३० दिवसांत."

दप्तरदार

चांगलं वाक्य काढलंत. त्याचे दोन अर्थ. एक, मालकाकडून पैसे आले तरच देणं, न आल्यास देणंच नाही. दोन, देणं आहेच, फक्त वेळ पुढे ढकललेली, तीही वाजवी मुदतीपर्यंत.

आता लक्षात घ्या, कराराचा अर्थ लावणं हा मुळात कायद्याचा प्रश्न आहे. वाक्य वाकडं आहे एवढ्यावर लीव्ह मिळत नाही. न्यायाधीश वाक्य वाचून अर्थ लावू शकतात आणि लावतात. गाडी अडते ती पुढे. मालकाने पैसे दिले का, किती दिले, कुठल्या बिलापोटी दिले, मुख्य कंत्राटदारानेच मालकाशी भांडण ओढवून घेतलं का? हे तुमच्या कागदात नाही, तिसऱ्याच्या दप्तरात आहे. अर्थ ठरवायला बाहेरचा पुरावा लागला की समरीचं काम संपलं.

तोंडी बदलाचंही तसंच. लेखी कराराविरुद्ध तोंडी पुरावा चालत नाही, हे सगळ्यांना पाठ असतं. जुन्या पुरावा कायद्यातली कलमं ९१ आणि ९२, जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियमातली ९४ आणि ९५. पण त्यांचे अपवाद कुणी वाचत नाही. फसवणूक, मोबदलाच नसणं, करार लागू होण्याआधीची अट, आणि नंतर झालेला वेगळा तोंडी करार, हे सगळं सिद्ध करता येतं, फक्त मूळ करार कायद्यानेच लेखी असायला हवा किंवा नोंदणीकृत असेल तर नंतरचा तोंडी बदल चालत नाही. वर्क ऑर्डर त्यात येत नाही. "दर साइटवर ठरवून ९५ चा ८८ केला" हा बचाव म्हणून ऐकायलाच लागतो. त्यानंतरची तीन बिलं ८८ नेच निघाली असतील तर मग वादीची पंचाईत.

पत्रा_आणि_पाईप

बिलाच्या तळाशी छापलेलं व्याज? आणि नुसत्या बिलांना लेखी करार म्हणता येतं का?

दप्तरदार

मुंबईत बिलावर समरी चालते, पण बिल नुसतं पाठवलेलं असून भागत नाही. अटी छापलेल्या बिलावर खरेदीदाराची स्वीकृतीची सही हवी, किंवा त्याने ते बिल स्वीकारून वागल्याचा कागद हवा. गेटवरच्या वॉचमनची सही ही गाडी आत आल्याची सही. व्याजाच्या बाबतीत वर्क ऑर्डर गप्प आणि बिल बोलतंय अशी स्थिती असेल तर मी १८ टक्क्यांवर अडून बसणार नाही. व्याज न्यायालयावर सोडा, मुद्दल वाचवा. व्याजाच्या वादापायी मुद्दलाचा समरी लटकवणं म्हणजे घोंगडीसाठी घोडं सोडणं.

तळटीप

स्टॅम्पचं कोणीच लिहिलं नाही. वर्क ऑर्डर कमी स्टॅम्पवर असेल तर महाराष्ट्र मुद्रांक कायद्याच्या कलम ३४ खाली पुराव्यात घेता येत नाही. ड्यूटी आणि दंड भरून दोष काढता येतो, पण त्यात वेळ जातो आणि समरीचा सगळा फायदा वेळेत असतो. प्रॉमिसरी नोटवर रेव्हेन्यू स्टॅम्पच नसेल तर दंड भरूनही ती सुधारत नाही. वादी नोट दाखल करतो, स्टॅम्पची जागा रिकामी, आणि पुढचं काही बोलायची गरज उरत नाही.

तसंच व्हॉट्सॲपचे स्क्रीनशॉट. साक्ष्य अधिनियम कलम ६३ चं प्रमाणपत्र हवं, भाग अ स्वतःचा, भाग ब तज्ज्ञाचा, हॅश व्हॅल्यूसकट (फाइलची डिजिटल ओळखखूण). समरीत कागद हाच साक्षीदार, म्हणून तो आजारी असून चालत नाही.

उलटतपास

आणखी काही बचाव, जे मी प्रतिवादीकडून आधी तपासतो. वादी भागीदारी संस्था असेल तर नोंदणी आहे का, कारण भागीदारी कायद्याच्या कलम ६९ खाली नोंदणी नसलेल्या फर्मचा दावाच अडतो. उसनवारी असेल तर महाराष्ट्र सावकारी कायदा २०१४ च्या कलम १३ चा परवाना. मुदत: तीन वर्षं, शेवटची लेखी कबुली कधीची. सही करणाऱ्याला कंपनीच्या वतीने अधिकार होता का. सही खोटी आहे हे नुसतं म्हणून लीव्ह मिळत नाही. पण त्याच तारखेच्या बँकेच्या नमुना-सहीशी डोळ्यांना दिसेल असा फरक असेल तर मिळते. आणि जामीनदार असेल तर मूळ करारात त्याच्या संमतीशिवाय बदल झाला का, करार कायदा कलम १३३.

प्रतिवादींची नेहमीची चूकही सांगतो. समन्स नमुना ४ मधला येतो. दहा दिवसांत हजेरी नोंदवायची, कैफियत नाही. कैफियत तयार करण्यात दहा दिवस घालवले की वादपत्र कबूल धरलं जातं. मग वादी नमुना ४-अ मध्ये समन्स फॉर जजमेंट काढतो, त्यानंतर दहा दिवसांत शपथपत्रासह लीव्हचा अर्ज. उशीर माफ होतो, पण सबळ कारण दाखवून.

पत्रा_आणि_पाईप

म्हणजे मग ७,७०,००० एवढ्याचीच समरी टाकायची आणि नफ्याचा दावा नंतर वेगळा?

दप्तरदार

थांबा! इथे सगळ्यात मोठा खड्डा आहे. ऑर्डर २ नियम २. एकाच वादकारणातून निघालेली सगळी मागणी एकाच दाव्यात करायची. सोडून दिलेला भाग नंतर मागता येत नाही. दुसरा टप्पा त्याच वर्क ऑर्डरमध्ये आहे म्हणालात. आज ७,७०,००० ची समरी टाकून उद्या ५ लाखांचा नफा मागायला गेलात तर प्रतिवादी दारातच हे कलम दाखवेल. तुम्ही म्हणाल बिल थकणं आणि टप्पा रद्द करणं ही वेगळी वादकारणं. असेलही, पण त्यावर लढायला पाच वर्षं घालवायची का? न्यायालयाची परवानगी घेऊन एखादी दाद राखून ठेवता येते. ती मात्र पहिल्याच दाव्यात घ्यायला हवी.

उलट, समरीत जास्तीची मागणी घुसलीच असेल तर मुंबईत ती सोडून देऊन उरलेल्यावर पुढे जाता येतं. २००४ च्या सिकॉमच्या निकालात पूर्णपीठाने हा मार्ग मोकळा ठेवलाय. पण सोडलं ते सोडलं.

म्हणून या नमुन्यात ऑर्डर ३७ माझी पहिली निवड नाही. व्यावसायिक वाद आहे, बांधकाम-कंत्राट आहे, तीन लाखांच्या वर आहे. सगळा १७ लाखांचा साधा कमर्शियल दावा टाका आणि त्यात ऑर्डर १३-अ खाली सारांश निकालाचा अर्ज द्या, फक्त प्रमाणित बिलांपुरता. त्यात दाव्याच्या भागापुरताही निकाल मागता येतो, बाकीचा भाग साक्षीपुराव्याला जातो.

फरक लक्षात ठेवा. ऑर्डर ३७ मध्ये प्रतिवादीला बोलायची परवानगी मागावी लागते. १३-अ मध्ये तो बोलतोच, अर्जदाराला दाखवावं लागतं की त्याला यशाची खरी आशा नाही आणि साक्षीपुराव्याची वाट बघायला दुसरं सबळ कारणही नाही. हा अर्ज प्रतिवादीही करू शकतो. आणि दावा मुळात ऑर्डर ३७ खाली टाकला असेल तर १३-अ मिळतच नाही, त्यामुळे आधी ठरवा.

तळटीप

"दुसरं सबळ कारण" म्हणजे या नमुन्यात काय होईल?

दप्तरदार

समजा कंपनीने रंगाच्या नुकसानीचा ९ लाखांचा प्रतिदावा टाकला. त्यात तेच मोजमाप, तोच इंजिनीअर, तेच साक्षीदार. एका मुद्द्यावर आज निकाल आणि त्याच साक्षीवर दोन वर्षांनी विसंगत निष्कर्ष, हा धोका न्यायालय घेत नाही. बिलाची रक्कम कितीही स्वच्छ असली तरी अर्ज फेटाळला जातो, किंवा नियम ७ खाली सशर्त आदेश होतो, म्हणजे "रक्कम भरा आणि लढा". प्रतिवादी बुडीत जाण्याच्या वाटेवर असेल तर तो सशर्त आदेशसुद्धा सोन्याचा.

हिशेबनीस

आणि कबूल केलेले ५ लाख? ते तर हातात पडायला हवेत.

उलटतपास

त्या ईमेलमधला "पण" बघा. "५ लाख देणं लागतो हे मान्य, बाकीचं रंगाच्या हिशेबानंतर" असं असतं तर ऑर्डर १२ नियम ६ खाली कबुलीवर तिथल्या तिथे ५ लाखांचा हुकूमनामा मागता आला असता. "मान्य, पण रंग सुटला आहे, त्याचा हिशेब व्हायचा आहे" यात रंगाची वजावट त्या ५ लाखांतूनच करायची असाही अर्थ निघतो. कबुली स्पष्ट आणि बिनशर्त हवी.

हिशेबनीस

दावा लावण्याआधी त्यांना एक साधं पत्र टाकून विचारा: तुमच्या वह्यांप्रमाणे ३१ मार्चला आमच्या खात्यात किती जमा बाकी दिसते, उतारा पाठवा. पुष्कळदा अकाउंट विभाग कायदा विभागाला न विचारता उतारा पाठवून देतो. त्यात "पण" नसतो.

दप्तरदार

हो, आणि ते पत्र कमर्शियल कोर्ट्स कायद्याच्या कलम १२-अ च्या मध्यस्थीआधी जाऊ द्या. तातडीची अंतरिम दाद मागत नसाल तर तीन लाखांवरच्या व्यावसायिक दाव्याला दावापूर्व मध्यस्थी सक्तीची आहे. २० ऑगस्ट २०२२ नंतर त्याशिवाय टाकलेलं वादपत्र फेटाळलं जातं. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे नमुना १ मध्ये अर्ज, हजार रुपये फी. समोरचा आला नाही तर नमुना ३ मधला अहवाल मिळतो, तो वादपत्राला जोडायचा. मध्यस्थीतला काळ मुदतीतून वगळला जातो, पण अर्जाची पोच जपून ठेवा.

पत्रा_आणि_पाईप

१३-अ चा अर्ज नेमका कधी द्यायचा?

दप्तरदार

प्रतिवादीवर समन्स बजावल्यानंतर आणि मुद्दे निघण्याआधी, म्हणजे न्यायालय वादाचे प्रश्न ठरवून देण्याआधी. मुद्दे निघाले की दार बंद. अर्जात तो सारांश निकालाचा अर्ज आहे हे लिहायचं, तथ्यं आणि कायद्याचा मुद्दा नेमका मांडायचा, कागद जोडायचे, आशा का नाही ते सांगायचं. समोरच्याला किमान तीस दिवसांची नोटीस, तेवढ्यातच त्याचं उत्तर. त्याला आणखी पुरावा द्यायचा असेल तर सुनावणीच्या पंधरा दिवस आधी, तुमचं प्रत्युत्तर पाच दिवस आधी.

कागदांत सर्वांत वर मोजमाप-पुस्तिकेचं इंजिनीअरच्या सहीचं पान ठेवा, त्याखाली त्याच क्रमांकाचं बिल. दोन्हींवरचे किलो जुळले पाहिजेत. पुस्तिकेत ३९,६४० आणि बिलात ४०,००० असेल तर आधी बिल दुरुस्त करा.